ड्रॅक्युलाचा जनक : ब्रॅम स्टोकर

भुताखेतांच्या गोष्टींना नाक मुरडणारे पुष्कळ. परंतु त्या ऐकावयास नको म्हणणारा विद्यार्थी आमच्या तरी पाहण्यात नाही. ड्रॅक्युला हे नाव तर इंग्रजीचा गंध नसलेल्यांनाही ठाऊक असते. त्या रक्तपिपासू उमरावाचा निर्माता मात्र आपल्याच पात्राच्या सावलीत दिसेनासा झाला आहे.

अब्राहम ऊर्फ ब्रॅम स्टोकर याचा जन्म ८ नोव्हेंबर १८४७ रोजी आयर्लंडमधील डब्लिन शहरानजीक क्लॉन्टार्फ येथे झाला. सात भावंडांतला हा तिसरा. वयाची पहिली सात वर्षे त्याने अंथरुणावर काढली. दुखणे काय, हे कोणालाच नीट उमगले नाही. आई शार्लट उशाशी बसून गोष्टी सांगे. तिच्या लहानपणी, १८३२ साली, स्लायगो गावात पटकीची भयंकर साथ आली होती. मेला असे समजून एका धिप्पाड शिपायाला शवपेटीत घालू लागले, पेटी अपुरी पडली म्हणून त्याचे पाय मोडण्याची तयारी चालली, तोच तो शुद्धीवर आला, अशी एक हकीकत तिने सांगितली आहे. मृत आणि जिवंत यांमधली रेषा पुसट असते, हा धडा त्या मुलाला कोणत्या पुस्तकातून मिळालेला नव्हता.

पुढे हाच रोगी मुलगा डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात नामांकित खेळाडू झाला! १८७० साली पदवी घेतल्यावर वडिलांप्रमाणेच त्याने सरकारी कचेरीत कारकुनी पत्करली. त्याचे एक आरंभीचे पुस्तक आयर्लंडमधील कनिष्ठ न्यायालयांतील कारकुनांच्या कर्तव्यांविषयी आहे. ते १८७९ साली प्रसिद्ध झाले. इतके नीरस पुस्तक लिहिणाऱ्या हातून पुढे काय उतरणार आहे, याची कल्पना कोणास यावी?

नोकरी सांभाळून तो एका वृत्तपत्रासाठी, तेही विनामूल्य, नाट्यपरीक्षणे लिहीत असे. त्यातूनच सुप्रसिद्ध नट हेन्री आयर्व्हिंग याच्याशी त्याचा स्नेह जडला. १८७८ साली फ्लॉरेन्स बाल्कोम हिच्याशी विवाह करून तो लंडनला आला आणि आयर्व्हिंगच्या लायसियम नाट्यगृहाचा व्यवस्थापक झाला. हिशेब, दौरे, पत्रव्यवहार, पाहुण्यांची सरबराई हे सारे त्याच्याकडे. सुमारे २७ वर्षे त्याने दुसऱ्याच्या कीर्तीची चाकरी केली. लेखनाला उरत ती सुट्टी आणि उसनवार मिळालेले तास.

‘ड्रॅक्युला’साठी त्याने केलेली टिपणे आजही अमेरिकेत फिलाडेल्फिया येथील रोझेनबाक संग्रहालयात आहेत. त्यांचा आरंभ मार्च १८९० मधला. ग्रंथ बाहेर पडला मे १८९७ मध्ये. म्हणजे तब्बल सात वर्षे! १८९० च्या उन्हाळ्यात तो इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरील व्हिट्‌बी या बंदरगावी राहिला होता. तेथील दफनभूमीतल्या शिळांवरची नावे त्याने उतरून घेतली, कोळ्यांच्या बोलीतले शब्द टिपले, आणि १८८५ साली वाळूत रुतलेल्या ‘दिमित्री’ नामक रशियन गलबताची हकीकत किनाऱ्यावरच्या पहारेकऱ्याकडून ऐकली. कादंबरीत तेच गलबत ‘डिमीटर’ होऊन येते. गावच्या वाचनालयात विल्यम विल्किन्सन याचे वालेकिया प्रांतावरील जुने पुस्तक त्याच्या हाती लागले. तेथील भाषेत ‘ड्रॅक्युला’ म्हणजे सैतान, अशी त्यात तळटीप होती. तोवर त्याच्या टिपणांत खलनायकाचे नाव ‘काउंट व्हॅम्पायर’ असे होते. ते खोडून त्याने हे घातले. क्रूरकर्मा व्लाद राजाचे चरित्रच त्याने कादंबरीत उतरवले, असे जे सांगतात त्याला या टिपणांत आधार नाही. ट्रान्सिल्व्हेनियात तर त्याने कधी पाऊलही टाकले नाही. तेथल्या समजुती त्याला एमिली जेरार्ड हिच्या १८८५ सालच्या लेखातून मिळाल्या.

कादंबरीची घडण पाहण्याजोगी आहे. सर्वज्ञ निवेदक नाहीच. दैनंदिनी, पत्रे, तारा, वर्तमानपत्री कात्रणे, जहाजाची नोंदवही, फोनोग्राफवर बोललेली टिपणे, अशा कागदपत्रांतून कथा उलगडते. वेळापत्रके आणि टंकलेखनयंत्र वापरणाऱ्या नव्या जगात जुनाट भूत शिरते. गंमत अशी की, या साऱ्या कागदांत ड्रॅक्युलाने स्वतः केलेले निवेदन कोठेही नाही. इतरांच्या नोंदींतूनच आपण त्याला ओळखतो, आणि आमच्या मते भीतीचे मर्म तेथेच आहे.

आमच्या गोव्यात वेताळ हा कित्येक गावांचा राखणदार देव. त्याला नारळ ठेवतात. म्हणून एक धागा सांगावासा वाटतो. वेताळपंचविशीतील कथा १८७० साली इंग्रजीत आणणारा रिचर्ड बर्टन स्टोकरच्या परिचयाचा होता, आणि त्याच्या मुद्रेचे वर्णन स्टोकरने आपल्या आठवणींत केले आहे. यावरून ड्रॅक्युला आमच्या वेताळाचा भाऊबंद ठरवणे मात्र अतिरेकाचे होईल.

ग्रंथाचे स्वागत बरे झाले, पण लेखक श्रीमंत झाला नाही. १८९८ साली लायसियमच्या नेपथ्याचे कोठार जळाले. १९०५ साली आयर्व्हिंग वारला. स्टोकरला पक्षाघाताचा झटका आला, तरी लेखणी थांबली नाही. १९११ साली त्याला लेखकांच्या साहाय्यनिधीकडे हात पसरावा लागला. २० एप्रिल १९१२ रोजी तो निवर्तला. ‘टायटॅनिक’ बुडून पाचच दिवस झाले होते. वृत्तपत्रांना दुसरे सुचत नव्हते. जे मृत्युलेख आले त्यांत तो मुख्यतः आयर्व्हिंगचा सहकारी होता.

पुढे १९२२ साली जर्मनीत ‘नोस्फेरातू’ हा मूकपट निघाला. नावे बदलली होती. परवानगी घेतलेली नव्हती. विधवा फ्लॉरेन्सने दावा लावला, आणि १९२५ साली न्यायालयाने सर्व प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. काही प्रती तरीही वाचल्या! अमेरिकेत तर हक्कनोंदणीची पूर्तता न झाल्याने तेथे ग्रंथाचे संरक्षणच उरले नव्हते.

कादंबरीची टंकलिखित मूळ प्रत १९८० नंतरच्या दशकात पेनसिल्व्हेनियात सापडली. पाने जागोजाग कापून पुन्हा चिकटवलेली आहेत, आणि मुखपृष्ठावर हाताने लिहिलेले नाव ‘ड्रॅक्युला’ नसून ‘द अन-डेड’, म्हणजे न मेलेला, असे आहे.