काश्मीर प्रश्न आणि व्यापाराची खातेवही

काश्मीरचा प्रश्न हा राज्यशास्त्राचा विषय. त्यात वाणिज्य शाखेच्या विद्यार्थिनीचे काय काम, असे कोणी विचारील. मे २०२५ पूर्वी मीही तसेच म्हटले असते. त्या सुट्टीत मी आजीबरोबर बेळगावहून मंडीदीपला, थोरल्या मामांकडे गेले होते. भोपाळहून होशंगाबादकडे, म्हणजे आताच्या नर्मदापुरमकडे, जाणाऱ्या रस्त्यावरची ही औद्योगिक वसाहत रायसेन जिल्ह्यात मोडते. मामा तेथे एका ट्रान्सपोर्टच्या कचेरीत बिल्ट्या लिहितात. धाकटा मामा मराठा लाइट इन्फंट्रीत आहे आणि त्या वेळी त्याची पलटण जम्मूच्या बाजूला होती. ७ मेच्या पहाटे 'ऑपरेशन सिंदूर' झाले, १० मेच्या सायंकाळी शस्त्रसंधी झाली. मधल्या दिवसांत धाकट्या मामाचा फोन लागला नाही. आजी बातम्या ऐकत एकच ताटभर तांदूळ पुन्हा पुन्हा निवडत बसे.

त्या दिवसांत मी मामांना जे प्रश्न विचारले आणि परत आल्यावर ग्रंथालयात जे वाचले, त्यांतून प्रस्तुत लेख तयार झाला आहे.

प्रश्नाचा उगम

१९४७ साली देशाची फाळणी झाली तेव्हा जम्मू-काश्मीरचे महाराजा हरिसिंग यांनी भारत किंवा पाकिस्तान यांपैकी कोठेही सामील होण्याचा निर्णय लांबणीवर टाकला. ऑक्टोबरमध्ये पाकिस्तानातून टोळीवाल्यांनी आक्रमण केले. २६ ऑक्टोबरला महाराजांनी भारतात सामील होण्याच्या करारावर सही केली आणि दुसऱ्या दिवशी भारतीय फौज श्रीनगरला उतरली. या पहिल्या युद्धात आपल्या शेजारच्या कारवार भागातील चेंडियाचे रामा राघोबा राणे यांनी एप्रिल १९४८ मध्ये नौशेरा-राजौरी मार्गावरील सुरुंग व अडथळे दूर करून रणगाड्यांना वाट करून दिली. त्यांना परमवीर चक्र मिळाले.

१ जानेवारी १९४९ रोजी युद्धबंदी झाली. संस्थान दुभंगले ते तेव्हापासून. सामीलनामा कायदेशीर असून सर्व प्रदेश आपला आहे, ही भारताची भूमिका. तर सामीलनामा ग्राह्य नसून लोकांचे सार्वमत घ्यावे, ही पाकिस्तानची. १९६५ व १९७१ च्या युद्धांनंतर १९७२ च्या सिमला करारात युद्धबंदी रेषेची 'नियंत्रण रेषा' झाली. तिची लांबी सुमारे ७४० किलोमीटर आहे. मे १९९८ मध्ये दोन्ही देशांनी अणुचाचण्या केल्या, आणि पुढच्याच वर्षी कारगिलचे युद्ध झाले. अण्वस्त्रांच्या धाकाने युद्ध टळेल, हा समज इतक्या लवकर अपुरा ठरला.

व्यापाराचे खाते

शेजाऱ्याशी केलेला व्यापार वाहतुकीच्या दृष्टीने सर्वांत स्वस्त पडतो, असे आपण शिकतो. व्यापार वाढला की वैर कमी होते, असेही पुष्कळदा वाचनात येते. या दुसऱ्या विधानाची परीक्षा भारत-पाकिस्तानच्या उदाहरणावर करून पाहणे उद्बोधक ठरेल.

फाळणीनंतर आरंभी पाकिस्तानची निम्म्याहून अधिक निर्यात भारतात येत असे. ताग पिकायचा पूर्व बंगालमध्ये आणि गिरण्या होत्या कलकत्त्याकडे. सप्टेंबर १९४९ मध्ये पौंडापाठोपाठ भारताने रुपयाचे अवमूल्यन केले. पाकिस्तानने केले नाही. विनिमयाच्या दरावरून तंटा झाला आणि व्यापार जवळजवळ ठप्प झाला. पुढे १९६५ च्या युद्धात तो बंद पडला, तो १९७४ च्या करारानंतर पुन्हा सुरू झाला. १९९६ मध्ये भारताने पाकिस्तानला 'सर्वाधिक अनुकूल राष्ट्रा'चा दर्जा दिला. १४ फेब्रुवारी २०१९ च्या पुलवामा हल्ल्यानंतर तो काढून घेतला आणि पाकिस्तानी मालावर २०० टक्के जकात बसवली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये, ३७० व्या कलमाच्या निर्णयानंतर, पाकिस्तानने आपल्या बाजूने व्यापार थांबवला.

नियंत्रण रेषेवरचा व्यापार तर वाणिज्याच्या विद्यार्थ्याने अवश्य अभ्यासावा असा आहे. ऑक्टोबर २००८ मध्ये उरी व पूंछ या दोन मार्गांनी तो सुरू झाला. ठरलेल्या २१ प्रकारच्या वस्तू, त्यांवर जकात नाही, आणि व्यवहारात पैसाही नाही! मालाला माल, असा तो विनिमय होता. वस्तुविनिमयाच्या अडचणी आपण पहिल्या वर्षी पाठ करतो. येथील व्यापाऱ्यांनी त्या दहा वर्षे प्रत्यक्ष सोसल्या. या मार्गांनी शस्त्रे, अमली पदार्थ व बनावट नोटा येतात, या कारणास्तव भारताने एप्रिल २०१९ मध्ये तो स्थगित केला.

सिंधू पाणीवाटप करार मात्र १९६० पासून सर्व युद्धांतून तग धरून होता. २२ एप्रिल २०२५ रोजी पहलगाम येथे २६ निरपराध माणसे मारली गेली. त्यांत महाराष्ट्रातील सहा जण होते. दुसऱ्या दिवशी भारताने तो करारही स्थगित केला आणि मे महिन्याच्या आरंभी पाकिस्तानातून येणाऱ्या सर्व मालावर बंदी घातली.

पोत्यावरचे नाव

"भांडण काश्मीरचे, आपल्या मंडीदीपला त्याचे काय?" असे मी मामांना विचारले. त्यांनी आजीच्या ताटातला एक लांब दाणा उचलून माझ्या हातावर ठेवला. "ह्याचं नाव काय लिहायचं, ते आधी सांग," म्हणाले.

मंडीदीपला बासमतीचा कारखाना आहे आणि आसपासच्या जिल्ह्यांत शेतकरी बासमतीच्या जातीचे बियाणे पेरतात. परंतु २०१६ मध्ये भारतात बासमतीला जे भौगोलिक मानांकन मिळाले, त्यात पंजाब, हरियाणा, हिमाचल, दिल्ली, उत्तराखंड, पश्चिम उत्तर प्रदेश आणि जम्मू-काश्मीरचे काही जिल्हे आहेत. मध्य प्रदेश नाही. रायसेनसह १३ जिल्ह्यांचा समावेश व्हावा, अशी त्या राज्याची मागणी आहे. ऑगस्ट २०२० मध्ये पंजाबच्या तत्कालीन मुख्यमंत्र्यांनी पंतप्रधानांना पत्र लिहून विरोध केला. मध्य प्रदेशाला मानांकन दिले तर पाकिस्तानचा फायदा होईल, हे त्यांच्या कारणांपैकी एक. हिमालयाच्या पायथ्याचा म्हणून बासमतीवर हक्क सांगायचा आणि सीमा दक्षिणेकडे वाढवायची, तर परदेशात आपला दावा दुबळा होतो, असा हा युक्तिवाद आहे. मद्रास उच्च न्यायालयाने मध्य प्रदेशाची याचिका फेटाळली. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये तो निकाल रद्द करून प्रकरण फेरविचारासाठी परत पाठवले.

मूळ वाद दोन पंजाबांचा आहे. बासमती रावीच्या दोन्ही काठांना पिकतो. रॅडक्लिफची रेषा त्या शेतांतून गेली. युरोपात दोन्ही देशांनी मिळून नावनोंदणी करावी, असा विचार एके काळी झाला होता. नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील हल्ल्यानंतर तो मागे पडला. भारताने २०१८ मध्ये एकट्याने अर्ज केला, पाकिस्तानने २०२० मध्ये त्याला हरकत घेतली. सीमेपासून शेकडो कोस दूर असलेल्या रायसेनच्या शेतकऱ्याच्या पोत्यावर कोणते नाव छापायचे, या प्रश्नातही अशा रीतीने तेच जुने भांडण उभे राहते.

निष्कर्ष

वरील हकिकतीवरून मला असे वाटते, की व्यापारामुळे शांतता येते हे विधान उलटे वाचावयास हवे. आधी थोडा विश्वास येतो, मग खाते उघडते. विश्वास गेला की प्रथम तेच बंद होते. म्हणून व्यापार निरुपयोगी ठरत नाही. खाते चालू असले की निदान दोन्ही बाजूंना मोडण्यासारखे काही तरी हातात असते. ज्याच्याशी देवघेव उरली नाही, त्याच्याशी भांडताना गमावण्यासारखे फारसे राहत नाही. आणि दोघांकडे अण्वस्त्रे असताना ही अवस्था अधिक भयावह आहे. दहशतवाद थांबल्याशिवाय विश्वास येणार नाही, हेही तितकेच खरे.

सीमाप्रश्न म्हणजे काय, हे आपल्या बेळगावात कोणाला समजावून सांगावे लागत नाही. परंतु आपला दावा न्यायालयात आहे, आणि दरम्यान शनिवारच्या बाजारात दोन्ही भाषांत भाव ठरतो. याच अंकात मराठी व कन्नड विभाग एका बांधणीत आहेत. सीमेला कन्नडमध्ये 'गडि' म्हणतात. मराठीत गडी म्हणजे माणूस. लहानपणी या दोन शब्दांचा माझा नेहमी गोंधळ होई.

११ मे रोजी दुपारी धाकट्या मामाचा फोन आला. "जेवलात काय?" एवढेच त्याने आजीला विचारले. आजीने त्या दिवशी निवडलेले तांदूळ शेवटी धुतले आणि चुलीवर ठेवले. थोरले मामा आपल्या बिल्ट्या लिहावयास कचेरीत गेले.