पर्वतांची परीक्षा



भूगोलाच्या तासाला आम्ही प्रश्न घालतो : ब्रिटनमधील सर्वांत उंच शिखर कोणते? लगेच हात वर होतात. स्कॉटलंडमधील बेन नेव्हिस, उंची १,३४५ मीटर. उत्तर बिनचूक! पुढे आम्ही विचारतो : आपले कळसूबाईचे शिखर त्याहून उंच की ठेंगणे? येथे वर्ग स्तब्ध होतो. कळसूबाईची उंची १,६४६ मीटर, म्हणजे ३०१ मीटरांनी अधिक. मग बर्फ ठेंगण्या बेन नेव्हिसवरच का पडते? कारण ते शिखर विषुववृत्तापासून फार दूर, सुमारे ५७ उत्तर अक्षांशावर आहे. कळसूबाई २० अंशांच्याही अलीकडे. नुसता आकडा पाठ करणाऱ्यास हे कारण सापडत नाही.

आता आपल्या आदिलाबादकडे वळू. येथे वायव्येकडून आग्नेयेकडे सातमाळा डोंगरांची रांग गेली आहे. आम्ही कोकणी बोलणारी माणसे. आमच्या मुलखात सह्याद्रीवरून निघालेली नदी थोडक्या वाटचालीत पश्चिम समुद्रास मिळते. येथील पाण्याचा प्रवास निराळा. समजा, रांगेच्या माथ्यावर पावसाचे दोन थेंब शेजारी शेजारी पडले. एक उत्तरेस पैनगंगेकडे वाहिला, दुसरा दक्षिणेस कडेम नदीच्या खोऱ्यात उतरला. त्यांची पुन्हा गाठ कोठे पडेल?

नकाशा उघडा व त्यावर बोट फिरवा. पैनगंगा वर्धेस मिळते. वर्धा व वैनगंगा यांच्या संगमातून प्राणहिता होते. इकडे कडेम नदी कुंतला येथे सुमारे ४५ मीटर खाली कोसळते व पुढे गोदावरीस मिळते. प्राणहिताही गोदावरीसच मिळते, ती काळेश्वरजवळ. तेथे दोन्ही थेंबांची भेट!

हा केवळ कल्पनेचा खेळ नव्हे. डोंगरात अतिवृष्टी झाली म्हणजे उतारांवरचे सारे पाणी एकाच नदीत धाव घेते. १९५८ साली कडेमच्या पुराचे पाणी धरणावरून वाहिले व बांध फुटला. जुलै २०२२ मध्येही आज निर्मल जिल्ह्यात असलेल्या त्याच धरणास धोका उत्पन्न झाला आणि खालच्या गावांतील लोकांना घरे सोडावी लागली. नकाशावरील उतार ज्यास वाचता येतो, त्यास पाणी कोणत्या गावाकडे येणार हे आधी उमगते.

तेव्हा सुट्टीत वडीलधाऱ्यांस विचारून एवढे करा : आपल्या गावच्या ओढ्याचे पाणी कोणत्या डोंगरावरून येते व शेवटी कोणत्या नदीत जाते, ते शोधून वहीत रेखाटून आणा. आमच्या मते हीच पर्वतांची खरी परीक्षा होय.