पाण्यासाठी खोदले, वायू लागला : ऑस्ट्रेलियातील रोमा येथील 'बिग रिग'

संग्रहालय पाहणे म्हणजे काचेतल्या वस्तूंसमोरून फिरून येणे नव्हे. वस्तू का आहे, कशी आली, तिच्या आधी काय होते, हे प्रश्न घेऊन आत गेलो तरच हाती काही लागते. ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंड राज्यातील रोमा या गावी 'बिग रिग' नावाचे तेल आणि नैसर्गिक वायूच्या इतिहासाचे संग्रहालय आहे. ते पाहण्याचा योग आम्हास आला. तेथून आम्ही जे शिकलो ते या स्मरणिकेच्या वाचकांपुढे ठेवीत आहोत. प्रवासवर्णन करण्याचा हेतू नाही, म्हणून रस्त्याविषयी थोडक्यातच लिहितो.

ब्रिस्बेन शहरापासून रोमा पश्चिमेला सुमारे पावणेपाचशे किलोमीटर आहे. टूवुम्बाचा घाट चढून गेले की पुढे सपाट मुलूख लागतो. डाल्बी, चिंचिला, माइल्स अशी गावे मागे पडतात, माती तांबूस होत जाते आणि गावागावांतील अंतर वाढत जाते. देशाच्या या अंतर्भागाला तिकडचे लोक 'आउटबॅक' म्हणतात. पोटात पाणी साठवणारी, बुंध्याला बाटलीसारखी फुगलेली झाडे रोमात रस्त्याकडेला उभी आहेत. गावात शिरण्याच्या बाजूलाच संग्रहालयाचा लोखंडी मनोरा दिसतो. गावाचे नाव मात्र इटलीच्या रोम शहरावरून आलेले नाही. क्वीन्सलंडचे पहिले गव्हर्नर बोवेन यांच्या पत्नीच्या माहेरच्या नावावरून ते ठेवले गेले. गाव 1867 साली सरकारदरबारी नोंदले गेले.

आमच्या सोबत एक ज्येष्ठ बंधू होते. त्यांचे सारे आयुष्य विहिरी आणि बोअर खोदण्याच्या कामात गेले. वेधनाचा मनोरा, दात असलेल्या पोलादी बिटा, एकात एक जोडायचे नळ हे सारे पाहून ते म्हणाले, "अहो, हे तर आपलेच काम. फक्त मोठे." त्यांचे म्हणणे खरेच होते, कारण रोमाची कथा तेलापासून नव्हे, पाण्यापासूनच सुरू होते.

या भागात पाऊस कमी आणि बेभरवशाचा. परंतु जमिनीखाली पाण्याचा एक विलक्षण साठा आहे. त्याला ग्रेट आर्टेशियन बेसिन म्हणतात. त्याचे क्षेत्र सुमारे 17 लाख चौरस किलोमीटर, म्हणजे त्या खंडाच्या पाचव्या हिश्श्याहून अधिक आहे. पूर्वेकडील डोंगररांगेवर पडलेला पाऊस वाळूच्या खडकात मुरतो आणि त्या खडकातून अत्यंत मंद गतीने पश्चिमेकडे सरकतो. वर चिकणमातीच्या खडकाचे झाकण असल्यामुळे ते पाणी दाबाखाली राहते. झाकणाला भोक पाडले की पंपाविना पाणी आपोआप वर चढते. 1880 च्या दशकात क्वीन्सलंडात अशा बोअरना पाणी लागू लागले होते. रोमाच्या लोकांनाही ते हवे होते. आपल्या समाजाला पाण्याची किंमत सांगावी लागत नाही. 1927 चे महाड आपण जाणतो.

हॉस्पिटल हिल नावाच्या टेकाडावर पाण्यासाठी बोअर घेण्यात आला. 1900 साली, एक किलोमीटरहून अधिक खोल गेल्यावर, त्यातून नैसर्गिक वायू बाहेर आला. ऑस्ट्रेलियातील नैसर्गिक वायूचा हा पहिला महत्त्वाचा शोध मानला जातो. मधली काही वर्षे त्याचा उपयोग करून घेता आला नाही. 1906 साली गावात नळ टाकून त्या वायूवर दिवे लावले गेले. सारे गाव उजळले असेल, लोक रस्त्यावर फिरले असतील. पुरवठा दहा दिवसांत बंद पडला.

या दहा दिवसांपाशी आम्ही बराच वेळ थांबलो. खाली साठा किती, त्याचा दाब किती, तो किती वर्षे पुरेल, हे मोजण्याचे शास्त्र तेव्हा बाल्यावस्थेत होते. वायू लागला म्हणजे वायू आहेच, असा भरवसा धरला गेला. हे त्या लोकांना हिणवण्यासाठी लिहीत नाही. आपल्याकडे पहिल्या दिवशी बोअरचे पाणी दोन इंच निघाले की त्याच आठवड्यात उसाची लागण करणारे आणि चैत्रात कपाळाला हात लावणारे आम्ही कितीतरी पाहिले आहेत.

पुढे 1908 साली दुसऱ्या बोअरमधून वायू उसळला आणि पेटला. ही आग 45 दिवस धुमसत राहिली. ती पाहण्यासाठी लोकांच्या खास आगगाड्या आल्या! ज्या वस्तूसाठी गाव झुरत होते ती वस्तू दीड महिना आकाशात जळत होती आणि लोक तिकीट काढून ती जत्रा पाहात होते. आज बोअर घेताना जड चिखल खाली सोडतात. त्याच्या वजनाने खालचा दाब आवरला जातो. शिवाय तोंडावर एक मजबूत झडप बसवतात. अशी झडप अमेरिकेत 1922 च्या सुमारास तयार झाली. 1908 साली रोमात काम करणाऱ्या कामगारांजवळ ती नव्हती, ही गोष्ट जुनी यंत्रे पाहताना ध्यानात ठेवली पाहिजे. यंत्राच्या प्रत्येक सुधारणेमागे कोणाच्या तरी जिवावरचा प्रसंग असतो. डॉ. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंडळात 1942 ते 1946 या काळात मजूरमंत्री होते. डिसेंबर 1943 मध्ये ते धनबादच्या कोळसा खाणी पाहण्यास गेले आणि पुढच्याच वर्षी खाण कामगारांसाठी कल्याण निधी उभा राहिला. कामगार जेथे उभा राहतो तेथे जाऊन पाहणे ही पाहण्याची रीत त्यांनी घालून दिली आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे येऊ. वायू सापडल्यानंतर रोमाला त्याचा खरा उपयोग होण्यास साठ वर्षे का लागली? नशीब नव्हते म्हणून? आमच्यातील एका विद्यार्थ्याने हाच प्रश्न विचारला. उत्तर भूगर्भात आहे आणि ते प्रत्येकाने समजून घेण्यासारखे आहे.

जमिनीखाली वायूचे तळे नसते. वायू खडकाच्या सूक्ष्म छिद्रांत असतो. तो तेथे साठण्यासाठी अनेक गोष्टी जुळाव्या लागतात. प्रथम, वनस्पती आणि इतर जीवांचे अवशेष असलेला मातृखडक हवा. रोमाच्या बाबतीत तो पूर्वेकडे खोल गाडलेला, पर्मियन काळातील, म्हणजे पंचवीस कोटी वर्षांहून जुना, कोळशाचा थर आहे. तो पुरेसा खोल जाऊन पुरेसा तापला पाहिजे. कमी तापला तर वायू बनत नाही. मग बनलेला वायू सच्छिद्र खडकातून वर आणि दूर सरकला पाहिजे. रोमाचा वायू असाच पूर्वेकडून सरकत आला. वाटेत वाळूचा खडक हवा, त्यावर चिकणमातीच्या खडकाचे झाकण हवे आणि थरांची ठेवण अशी हवी की वायू तेथे अडकेल. शेवटचे असे की, हा सापळा वायू तेथे पोचण्याच्या आधी तयार झालेला हवा. एक जरी गोष्ट चुकली तर कोट्यवधी वर्षांचा खेळ फुकट जातो. रोमाच्या आसपास वायू होता, परंतु अनेक लहान लहान सापळ्यांत विखुरलेला. एका बोअरवर गाव चालणे अवघडच होते.

धम्माच्या अभ्यासकांना येथे ओळखीचे काही दिसेल. तथागतांनी प्रतीत्यसमुत्पाद सांगितला, तो कोणत्याही एका कारणाचा सिद्धान्त नाही. हेतू आणि प्रत्यय एकत्र आले की फल घडते. त्यांतील एक गळाले की घडत नाही. तेथे देवाची मर्जी नाही आणि आंधळा योगायोगही नाही. बुद्धविहारात आपण बीज, माती आणि पाणी यांचा दाखला नेहमी देतो. रोमाच्या खडकांचा दाखला त्यापेक्षा लांबचा, पण तितकाच स्वच्छ आहे. तथागतांनी हा सिद्धान्त दुःखाच्या उत्पत्तीसाठी सांगितला, खडकांसाठी नाही, ही मर्यादा पाळूनच आम्ही हे लिहीत आहोत. भूगर्भशास्त्र बुद्धवचनात शोधणे हा आमचा हेतू नाही. कारणे शोधण्याची सवय मात्र दोन्हीकडे एकच.

ज्येष्ठ बंधूंनी तेथेच बाकावर बसून आम्हास एक गोष्ट सांगितली. त्यांच्या गावी एका कुटुंबाने पाणाड्याला बोलावले. त्याने तळहातावर नारळ धरला, रानात फिरला, नारळ उभा राहिला ती जागा दाखवली. कुटुंबाने दागिना मोडून बोअर घेतला. फुफाटा निघाला. पाणाड्या म्हणाला, जागेला काही आडवे आले, दुसरी जागा पाहू. दुसऱ्या बोअरसाठी व्याजाने पैसे काढले. तोही कोरडा गेला. "मशीन माझेच होते," असे म्हणून ते बंधू काही वेळ गप्प राहिले.

दख्खनच्या काळ्या दगडात पाणी कोठे असते? वरच्या मुरमात, दगडाच्या भेगांत आणि लाव्हाच्या थरांमधील सच्छिद्र पट्ट्यांत. भेग नसेल तर कितीही खोल गेले तरी दगड तो दगडच. याचे सर्वेक्षण करता येते. महाराष्ट्र शासनाची भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा 1972 पासून हे काम करीत आहे. सर्वेक्षणाने पाणी हमखास लागते असे नाही. रोमातही शास्त्रज्ञांनी सांगितलेले अनेक बोअर कोरडे गेले असतील. फरक इतकाच की शास्त्रज्ञाचा बोअर कोरडा गेला तर खडकाच्या नोंदीतून पुढच्या माणसाला काही कळते. पाणाड्याचा बोअर कोरडा गेला तर मागे उरते ते कर्ज.

रोमात नेमके हेच घडले. प्रत्येक बोअरच्या नोंदी साठत गेल्या. 1960 च्या सुमारास पुन्हा शोध घेतला गेला, वायूचे नवे साठे मिळाले आणि गावाच्या वीजघरात तो वापरला जाऊ लागला. 1961 सालीच दक्षिणेकडे मूनी येथे तेल लागले. ते ऑस्ट्रेलियातील पहिले व्यापारी तेलक्षेत्र ठरले. 1969 साली रोमाहून ब्रिस्बेनपर्यंत सुमारे 440 किलोमीटरची वायुवाहिनी सुरू झाली. आपल्याकडे 1974 साली 'सागर सम्राट' या वेधन-मंचाने मुंबई हाय शोधले. तेथे साठा वाळूच्या खडकात नव्हे, मुख्यतः चुनखडीत आहे. उरण परिसरातील विद्यार्थ्यांनी ही तुलना अवश्य करावी. मातृखडक, साठ्याचा खडक, झाकण आणि सापळा हे चार शब्द घेऊन बसले की दोन्ही ठिकाणे एका वहीत मावतात.

या मुलुखाची कथा 1900 पासून सुरू होत नाही, हेही सांगितले पाहिजे. ही भूमी मंडंडंजी लोकांची. मिचेल हा ब्रिटिश सर्वेक्षक 1846 साली येथून गेला आणि त्याच्या मागोमाग गुरांचे कळप आले. मॅकफर्सन नावाच्या पशुपालकाने जवळच माउंट अबंडन्स येथे ठाणे घातले, पण मंडंडंजींच्या प्रतिकारामुळे दोनेक वर्षांत त्याला ते सोडावे लागले. पुढे त्यांची भूमी गेलीच. शोध कोणी लावला हे विचारताना, ज्या भूमीत लावला ती कोणाची होती हेही विचारावे. ही सवय आपल्या लोकांना तरी असावी, असे आम्हास वाटते.

निघण्यापूर्वी संग्रहालयाच्या उंच मनोऱ्यावरून आम्ही भोवतालचा प्रदेश पाहिला. या भागात आज कोळशाच्या थरांतील वायू काढतात. 2015 च्या सुरुवातीपासून तो ग्लॅडस्टन बंदरातून द्रवरूपात जहाजांनी परदेशी जात आहे. हा वायू पाण्याच्या दाबाने कोळशाला चिकटून असतो. तो सुटावा म्हणून आधी थरातील पाणी उपसून काढावे लागते. पाण्यासाठी खोदणाऱ्यांना 1900 साली वायू लागला आणि आता वायूसाठी पाणी बाहेर काढले जात आहे. आपल्या विहिरींची पातळी खाली जाईल ही शेतकऱ्यांची चिंता आहे. भूजलावरील परिणाम मोजण्यासाठी राज्याने स्वतंत्र कार्यालय नेमले आहे आणि बोअरच्या पातळ्यांची नोंद ठेवली जाते.

ज्येष्ठ बंधूंनी खाली उतरताना विचारले, "पाण्यासाठी इतके खोदले, मग या गावाला शेवटी पाणी मिळाले का?" आम्ही नळावर बाटल्या भरून घेतल्या आणि परतीच्या वाटेला लागलो.