दहा वर्षे भरली, मग नोकरी कायम का नाही?

प्रश्न : मी निपाणीजवळ राहतो. एका सरकारी कार्यालयात चौदा वर्षे रोजंदारीवर आहे. दहा वर्षे भरली की माणूस आपोआप कायम होतो, असे सोबतचे लोक सांगतात. कागलचा मेहुणा म्हणतो, त्यांच्याकडचा कायदा वेगळा आहे. खरे काय?

उत्तर : आपोआप कोणीच कायम होत नाही. पण दहा वर्षांचा आकडा लोकांनी मनाने काढलेला नाही. तो आपल्याच भागातल्या एका लढ्यातून आला आहे.

धारवाड जिल्ह्यातील बांधकाम खात्याच्या रोजंदारी कर्मचाऱ्यांची संघटना सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. 1990 साली न्यायालयाने 1 जुलै 1984 पूर्वी लागलेल्या आणि दहा वर्षे काम केलेल्या कर्मचाऱ्यांना कायम करण्याची योजना मान्य केली. त्यानंतर वाणिज्य कर खात्यात रोजंदारीवर लागलेल्यांनीही कायम करण्याची मागणी केली. तो वाद पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेला आणि 10 एप्रिल 2006 रोजी ‘उमादेवी’ निकाल लागला. सरकारी नोकरीवर सर्वांचा सारखा अधिकार आहे, म्हणून जाहिरात आणि निवड टाळून घेतलेल्या माणसाला केवळ वर्षे मोजून कायम करता येणार नाही, असे न्यायालयाने सांगितले. एक सवलत दिली, तीही एकदाच : पद मंजूर आणि रिक्त हवे, माणूस पात्र हवा, आणि कोर्टाच्या आदेशाचा आधार न घेता त्याची दहा वर्षे तोवर झालेली हवीत. गदग जिल्हा पंचायतीच्या रोजंदारीवाल्यांच्या प्रकरणात 2010 साली न्यायालयाने आणखी स्पष्ट केले, की या सवलतीत बसणारे कोणी विचारातून सुटले असतील, तर त्यांचाही विचार झालाच पाहिजे.

तुमची चौदा वर्षे 2006 नंतरची. म्हणजे ही सवलत तुम्हाला लागू नाही.

तरीही निराश होऊ नका. बरीच वर्षे अनेक कार्यालयांनी ‘उमादेवी’ची ढाल पुढे केली. काम बारमाही, माणूस तोच आणि कागदावर मात्र ‘तात्पुरता’, हा सरळ अन्याय आहे. 20 डिसेंबर 2024 रोजी केंद्रीय जल आयोगातील सफाई कामगार आणि माळी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नेमके हेच धरले. नित्याचे, गरजेचे काम वर्षानुवर्षे करून घेऊन ‘उमादेवी’च्या नावाने माणसे काढता येत नाहीत, असे सांगून त्यांना परत घेऊन कायम करण्याचा आदेश दिला. हा निकाल देणाऱ्या दोन न्यायमूर्तींपैकी एक, न्या. प्रसन्न वराळे, मूळचे निपाणीचे.

मेहुण्याचे म्हणणे खरे आहे. सीमेवरचा कोगनोळी नाका ओलांडला की महाराष्ट्राचा 1971 चा अनुचित कामगार प्रथाविरोधी कायदा लागतो. माणसाला कायम कामगाराचे लाभ मिळू नयेत म्हणून वर्षानुवर्षे बदली किंवा तात्पुरता ठेवणे, हा त्यात अनुचित प्रकार आहे, आणि औद्योगिक न्यायालय त्यावर आदेश देऊ शकते. 2009 साली एसटी कामगारांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ‘उमादेवी’मुळे हा अधिकार संपत नाही, मात्र पदे मंजूर हवीत. केंद्रीय कामगार कायद्यातही ही प्रथा अनुचितच आहे, पण थेट औद्योगिक न्यायालयात जाण्याची महाराष्ट्रातली सोय कर्नाटकात नाही.

कर्नाटकाने 2012 साली रोजंदारी कर्मचाऱ्यांसाठी कल्याण कायदा केला. त्यात नाव असलेल्यांना साठाव्या वर्षापर्यंत कामाची हमी मिळते, पण त्याला कायम नोकरी म्हणत नाहीत. ठेकेदाराच्या हाताखाली असाल तर वाट आणखी अवघड, कारण मालक कोण हेच आधी सिद्ध करावे लागते.

सगळे शेवटी कागदावर ठरते. मस्टरवरील हजेरीच्या प्रती, पगाराच्या नोंदी, भविष्य निर्वाह निधीचा उतारा आणि पहिल्या दिवसाचा आदेश असेल तर तो, हे सर्व जमवा. तुमचे पद मंजूर आहे का, हे माहिती अधिकारात लेखी विचारा. मूळ कागद कन्नडमध्ये असले तरी तेच जपून ठेवा. मग ते घेऊन उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात सेवाविषयक खटले चालवणाऱ्या वकिलाला भेटा. कामावरून कमी करण्याची नोटीस येईपर्यंत थांबू नका.