मुक्या गिअर बॉक्सचं जुनं ऑइल

इंजिनात ऑइल कमी पडलं तर डॅशबोर्डवर लाल दिवा लागतो. पाणी तापलं तर काटा वर चढतो. गिअर बॉक्सला दिवा नाही, काटा नाही, बहुतेक गाड्यांत डिपस्टिकसुद्धा नाही. तो बोलतो ते थेट खर्रर्र करून, आणि तोवर खर्च हाताबाहेर गेलेला असतो. म्हणून त्याच्याकडे कुणी बघत नाही. दर सर्व्हिसिंगला इंजिन ऑइल बदलणारी, काचेला रोज फडकं मारणारी माणसंही गिअर बॉक्सचं ऑइल शेवटचं कधी बदललं असं विचारलं की आकाशाकडे बघतात.

माझ्याकडे नव्वदच्या दशकातली मारुती ८०० आहे. पंधरा वर्षं झाल्यावर पर्यावरण कर भरून, पुन्हा पासिंग करून घेतलेली. घर साताऱ्यात आणि सासुरवाडी सांगलीत, त्यामुळे तिला इकडे यवतेश्वरचा घाट आणि तिकडे पेठ नाका ते सांगली असा दोन्हीकडचा मार खावा लागला. तिचं गिअर ऑइल मी घरीच बदलतो. त्यात जे कळत गेलं ते लिहितो.

१. आधी वरचा नट, मग खालचा.

गिअर बॉक्सला दोन नट असतात. तळाशी ऑइल काढायचा, आणि बाजूला जरा वर भरायचा. हात आपोआप खालच्या नटाकडे जातो. सांगलीत शंभर फुटी रोडवर एक वयस्कर मिस्त्री आहेत, त्यांनी पहिल्याच भेटीत अडवलं. "थांबा ओ पाव्हणं. वरचा खोलून बघा आधी. खालचा खोलून सगळं ऑइल सांडलं आन् वरचा निघालाच न्हाई, तर भरणार कुठनं?" जुन्या गाडीचा वरचा नट वर्षानुवर्षं कुणी हलवलेला नसतो. मातीनं आणि गंजानं तो धरलेला असतो. आदल्या रात्री त्यावर गंज सोडवणारा स्प्रे मारून ठेवावा, आणि पाना बरोबर मापाचाच घ्यावा. जरा सैल पाना लावून जोर केला की नटाची कोनं झिजतात. मग छन्नी-हातोडा येतो, आणि छन्नी-हातोडा आला की ॲल्युमिनियमच्या खोक्याचं काही खरं नाही. वरचा नट निघत नसेल तर त्या दिवशी काम बंद. जुनं ऑइल आत असलेलं बरं, काहीच नसण्यापेक्षा.

२. सपाट जागा.

साताऱ्यात हे सांगायला सोपं आहे. अजिंक्यताऱ्याच्या उतारावर वसलेलं गाव. माझ्या गल्लीत लिंबू ठेवला तर तो खाली चौकात सापडतो. गिअर बॉक्सची पातळी गाडी सपाटीवर असतानाच खरी कळते. एका बाजूनं जॅक लावून ऑइल भरलं तर एकतर कमी बसतं, नाहीतर जास्त. म्हणून हे काम मी सांगलीत मेहुण्याच्या अंगणात करतो. कृष्णाकाठची सांगली सपाट आहे. साताऱ्याहून तिथे जाईपर्यंत ऑइलही गरम होतं, पातळ होतं, आणि तळाचा गाळ सोबत घेऊन बाहेर येतं. पोचल्या पोचल्या मात्र खाली शिरायचं नाही. सायलेन्सर हात भाजतो. एक चहा होऊ द्यावा.

आणि नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली जायचं नाही. चारही बाजूंना लोखंडी घोड्या, चाकांना दगड, आणि मग गाडी हातानं हलवून बघायची. यात सवलत नाही. गॅरेजमधला खड्डा मिळाला तर फारच उत्तम. ओळखीचे मिस्त्री रविवारी दुपारी तो वापरू देतात.

३. "नव्वद नंबर द्या" म्हणजे अर्धंच सांगितलं.

दुकानात जाऊन आपण एवढंच म्हणतो, आणि दुकानदारही समोरचा डबा उचलून देतो. लोकांना वाटतं की इंजिनाचं ऑइल वीस-चाळीस-पन्नास, म्हणजे हे नव्वद त्याच्या दुप्पट घट्ट. तसं नाही. गिअर ऑइलची आणि इंजिन ऑइलची मोजपट्टी वेगवेगळी आहे. शंभर अंश तापमानाला नव्वदचं गिअर ऑइल जवळपास चाळीस-पन्नासच्या इंजिन ऑइलइतकंच पातळ असतं.

खरा फरक डब्यावरच्या दुसऱ्या ओळीत असतो: जीएल-४ की जीएल-५. दोन्हींत दातांवरचा प्रचंड दाब सोसण्यासाठी गंधक-फॉस्फरसची द्रव्यं घातलेली असतात. जीएल-५ मध्ये ती साधारण दुप्पट. ते बनवलंय जीपच्या, टेंपोच्या मागच्या डिफरन्शियलसाठी, जिथे दात एकमेकांवर घासत फिरतात. गाडीच्या गिअर बॉक्समध्ये मात्र पितळी सिंक्रो रिंगा असतात. गिअर टाकताना दोन दातेरी चाकांचा वेग जुळवायचं काम या रिंगा घर्षणानं करतात. जास्त गंधकाचं ऑइल पितळ खाऊ शकतं. शिवाय त्याचा निसरडेपणा जास्त असला तर रिंगेला पकड मिळत नाही आणि गिअर पडताना दात कुरकुरतात. "पाच मोठं की चार मोठं?" असा हिशेब इथे चालत नाही. पुस्तिकेत जीएल-४ म्हटलं असेल तर जीएल-४च. माझ्या गाडीला ७५डब्ल्यू-९० जीएल-४ चालतं. होंडाच्या गाड्यांना त्यांचं वेगळंच, पातळ गिअर ऑइल (एमटीएफ) लागतं. तिथे नव्वद ओतलं तर थंडीतल्या सकाळी पहिला गिअर पडताना मालकाला घाम फुटेल.

सातारकरांना हे नवं वाटायला नको, असं मला नेहमी वाटतं. प्रिया स्कूटर इथेच एमआयडीसीत, महाराष्ट्र स्कूटर्समध्ये बनायची. बजाज आणि पश्चिम महाराष्ट्र विकास महामंडळ यांची ती १९७५ची कंपनी. दोन-स्ट्रोक प्रियाच्या इंजिनाचं ऑइल पेट्रोलमध्ये मिसळायचं, आणि गिअरचं वेगळं, तीस नंबरचं, पाव लिटरच्या आसपास, खालच्या पेटीत असायचं. आमच्या वडिलांच्या पिढीला ही दोन ऑइलं दोन आहेत हे पाठ होतं. चारचाकी आली आणि आम्ही विसरलो.

४. निघालेलं ऑइल फेकायच्या आधी वाचा.

माझ्या मते हे सगळं काम यासाठीच करायचं. नवीन ऑइल कुणीही ओततं. पण दोन-चार वर्षांत गिअर बॉक्सचं जे काही बोलायचं राहिलेलं असतं ते या काळ्या लिटर-दोन लिटरमध्ये असतं, आणि ऐकायची संधी एकदाच मिळते.

ऑइल काळ्या डब्यात सोडू नका, पांढऱ्या पसरट टबात सोडा. उन्हात न्या. नुसता काळपट रंग झाला असेल तर काही बिघडलेलं नाही. एवढं चालल्यावर तो होणारच. मग खालचा नट हातात घ्या. बऱ्याच नटांच्या टोकाला चुंबक असतो. त्यावर करड्या रंगाचा मऊ लेप जमलेला असतो. बोटांत चोळला तर कण लागत नाही, फक्त बोट शाईचं झाल्यासारखं दिसतं. ती नेहमीची झीज. घाटात गिअर बदलत बदलत दात एकमेकांना घासून गुळगुळीत होतात, त्याची ती भुकटी. पुसून टाका आणि निश्चिंत राहा.

बोटाला टोचलं तर मात्र थांबा. चकचकीत, लांबट लोखंडी तुकडा असेल तर बेअरिंग किंवा एखादा दात निघायला लागलाय. तो तुकडा कागदात बांधून मिस्त्रींना दाखवा. पितळ चुंबकाला चिकटत नाही, ते ऑइलमध्येच तरंगतं. टब हलकेच हलवला की उन्हात सोनेरी चमक दिसते. थोडी असेल तर वयाचा परिणाम. पृष्ठभागभर असेल तर सिंक्रो रिंगा संपत आल्या आहेत, आणि बहुधा दुसरा किंवा तिसरा गिअर आधीच कुरकुरत असणार. आणि टबात आलेलं ऑइल भुरकट, दूध जास्त पडलेल्या चहासारखं असेल तर आत पाणी गेलंय.

५. सांगलीतलं पाणी.

ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णेनं ५७ फुटांची पातळी ओलांडली. धोक्याची पातळी ४५ फूट. मारुती चौक, स्टँड परिसर, गावभाग, सगळीकडे पाणी, आणि त्यात बुडालेल्या गाड्या. त्या महिन्यात गॅरेजवाल्यांना झोप नव्हती. जुलै २०२१ मध्ये पुन्हा तेच.

बुडालेली गाडी स्टार्ट करू नये, इंजिन ऑइल काढावं, हे तोवर सगळ्यांना पाठ झालं होतं. गिअर बॉक्स पुष्कळदा राहून गेला. त्याला वर श्वास घेण्यासाठी एक बारीक नळी किंवा टोपी असते, ज्याला ब्रीदर म्हणतात. आतली हवा तापून फुगली की तिथून बाहेर जाते. गाडी दिवसचे दिवस पाण्याखाली उभी राहिली की त्याच वाटेनं आणि जुन्या ऑइल सीलमधून पाणी आत उतरतं. चालत्या गाडीचं आणखी वाईट. तापलेला गिअर बॉक्स थंड पाण्यात गेला की आतली हवा आकसते आणि पाणी आत ओढून घेते. म्हणजे महापूर लागत नाही, पावसाळ्यात ओढ्यावरच्या पुलावरून एकदा गाडी घातली तरी पुरे.

मेहुण्याच्या ओळखीतल्या एका घरची गाडी पुरानंतर एका गॅरेजमधून "सगळं केलंय" म्हणून परत आली. चार महिने चांगली चालली, मग पाचव्या गिअरमध्ये घरघर सुरू झाली. ऑइल काढलं तर भुरकट, आणि बेअरिंगच्या गोळ्यांवर गंजाचे ठिपके. पाणी मिसळलेलं ऑइल दातांवर टिकत नाही आणि गाडी उभी असताना गंज आपलं काम करत राहतो. अशा वेळी एकदा बदलून भागत नाही. आधी साधं स्वस्त ऑइल भरायचं, थोडं चालवून ते काढायचं, आणि स्वच्छ निघालं तरच चांगलं ऑइल भरायचं. पूरग्रस्त भागातली जुनी गाडी विकत घेताना मी आता गालिच्याखालचा चिखल शोधत बसत नाही. गिअर बॉक्सचा वरचा नट खोलून बोट आत घालतो. गालिचा धुता येतो.

६. भोकाच्या काठाशी थांबायचं.

माझ्या गाडीत दोन लिटरच्या आसपास बसतं. पण लिटर मोजून भरण्यापेक्षा वरच्या नटाच्या भोकाचा काठ बघावा. लांब नळी, वर फनेल, आणि सावकाश. गिअर ऑइलला घाई चालत नाही. काठावरून बारीक धार गळायला लागली की हात थांबवायचा, धारेचे थेंब झाले की नट लावायचा. "थोडं जास्त असू दे" हा विचार इथे घातक. जास्त ऑइलला फेस येतो, आणि ते सील ढकलून क्लच प्लेटवर आलं तर दोन लिटर ऑइलच्या कामात क्लचचं काम येऊन बसतं.

दोन्ही नटांना नवीन वायसर. काही रुपयांची वस्तू आहे. नट घट्ट करताना लांब पाइप लावून जोर काढू नये, कारण खोकं ॲल्युमिनियमचं आहे आणि आटे एकदा गेले की परत येत नाहीत.

७. ऑइल बदललं म्हणून सगळं सुधारत नाही.

गिअर जड पडतो म्हणून लोक ऑइल बदलायला निघतात. आधी एक बघा. इंजिन बंद ठेवून सगळे गिअर टाकून पाहा. बंद गाडीत सहज पडतात आणि चालू गाडीत अडतात, तर दोष क्लचचा; केबल ढिली झाली असेल. बंद गाडीतही अडतात, तर खालच्या रॉडच्या बुशा गेल्या असतील. न्यूट्रलमध्ये घरघर येते आणि क्लच दाबला की थांबते, तर बेअरिंग. यातलं काहीही नवीन ऑइलनं बरं होत नाही. ऑइलनं काय होतं? थंडीतल्या सकाळी दुसरा गिअर मऊ पडतो. घाटात तापल्यावरही तसाच पडत राहतो. बास.

म्हणून पंचवीस वर्षांच्या गिअर बॉक्सला नवा करायच्या आशेनं महागडं ऑइल घेऊ नये. बरोबर जातीचं, सीलबंद डब्यातलं, ओळखीच्या दुकानातलं घ्यावं. पिंपातून मापून देतात ते सुटं ऑइल तर नकोच.

८. जळकं ऑइल.

आमच्याकडे ते वाया जात नाही, हीच अडचण आहे. कुणी वाळवीसाठी दाराच्या चौकटीला लावतं, कुणी नांगराला, कुणी वाफ्याच्या कडेला ओततं. उरलेलं गटारात, आणि साताऱ्याचं असो की सांगलीचं, पाणी शेवटी कृष्णेतच जातं. २०१६ च्या घातक कचऱ्याच्या नियमांनुसार वापरलेलं ऑइल परवानाधारक पुनर्प्रक्रिया करणाऱ्याकडेच जायला हवं. घरी बदलणाऱ्यानं एवढं करावं: ते रिकाम्या डब्यात भरून, झाकण घट्ट लावून, जिथून असं ऑइल नियमित उचललं जातं अशा मोठ्या गॅरेजमध्ये नेऊन द्यावं. डब्यावर मार्करनं ठळक लिहावं, कारण माझ्या सासूबाईंनी एकदा तो डबा रॉकेलचा समजून जिन्याखाली नीट सांभाळून ठेवला होता.

मी गाडीच्या बॉनेटच्या आतल्या बाजूला तारीख आणि किलोमीटर पांढऱ्या रंगानं लिहून ठेवतो. चाळीस हजार किलोमीटर हा माझा हिशेब. पाणी गेल्याची शंका आली की तो हिशेब बाद. पुढचा मालक, असलाच कुणी, तर त्याला वर बघून एवढं कळेल.