खोटं ओळखणारी मुलं : पटकथाकार व्हालेरी पेत्रोव

बल्गेरियाचे कवी-पटकथाकार व्हालेरी पेत्रोव (१९२०–२०१४) जन्मले सोफियात. शिकले वैद्यकी, पण रमले लेखनात. शेक्सपिअरची सगळी नाटकं त्यांनी बल्गेरियन भाषेत आणली. हे काम मोठंच. तरी आपल्यासारख्या शिक्षक-पालकांना त्यांच्या चित्रपटांतली मुलं जास्त जवळची वाटतील.

‘बिनचिलखताचा योद्धा’ (१९६६) मध्ये वान्यो हा शाळकरी मुलगा मोठ्यांकडे नुसता बघत असतो. खोटं बोलू नको म्हणणारेच सोयीपुरतं खोटं बोलतात, हे त्याला दिसतं. आपल्या घरातही दिसतंच की!

‘यो-हो-हो’ (१९८१) त्याहून धारदार. पाठीला मार लागून रुग्णालयात खिळलेला एक नट आणि हात मोडलेला एक मुलगा. नट चाच्यांची गोष्ट रंगवून सांगतो. मुलगा गुंततो. पण नटाला त्याच्याकडून गोळ्या आणवून घ्यायच्या असतात, स्वतःचं आयुष्य संपवायला. मुलाचा विश्वासच इथे पणाला लागतो. याच पटकथेवरून जालंधरमध्ये जन्मलेल्या तरसेम सिंग यांनी ‘द फॉल’ (२००६) केला. त्यातलं निळं शहर आपलं जोधपूर.

आणि लेखक स्वतः कसा होता? पेत्रोव कम्युनिस्ट पक्षात होते. १९७० मध्ये सोल्झेनित्सिन यांना नोबेल मिळालं, तेव्हा त्याच्या निषेधाच्या पत्रकावर त्यांनी सही केली नाही. पक्षातून काढून टाकलं गेलं. आठवी-नववीच्या मुलांना ही सहीची हकिकत आधी सांगावी, मग वान्योची गोष्ट. ‘यो-हो-हो’ मात्र मुलांना एकटं बघू देऊ नका, शेजारी बसा.