धाब्याचा कठडा आणि नाताळचे झाड

शास्त्रवाचन : अनुवाद २२:८, नीतिसूत्रे १२:१०



नवे घर बांधणाऱ्याने धाब्याला कठडा करावा, अशी आज्ञा मोशेच्या नियमशास्त्रात आहे. इस्राएलातील धाबी सपाट असत. लोक तेथे बसत, निजत. तेथून कोणी पडून त्याच्या रक्ताचा दोष घरावर येऊ नये, हा त्या आज्ञेचा हेतू. अपघात घडल्यावर हळहळणे पुरेसे नाही. तो घडू शकेल हे ओळखून आधीच तजवीज करणे, हाही नीतिमत्त्वाचा भाग आहे.

नीतिसूत्रे १२:१० मध्ये हीच काळजी पशूंपर्यंत पोहोचते. मूळ इब्री वचनात ‘योदेअ’ हा शब्द आहे. त्याचा साधा अर्थ ‘जाणतो’ असा होतो. नीतिमान मनुष्य आपल्या पशूचे ‘नेफेश’ जाणतो. नेफेश म्हणजे प्राण, जीव. तसेच भूक आणि इच्छाही. उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायात जलचरांना व पशूंना आणि दुसऱ्या अध्यायात मनुष्याला हाच शब्द लावला आहे. म्हणून पशूवर माया करणे एवढ्याने भागत नाही. त्याची ओढ कशाकडे आहे, हे जाणून घ्यावे लागते.

घरच्या मांजराचा उल्लेख इब्री शास्त्रात नाही. कॅथोलिक बायबलातील बारूखच्या ६ व्या अध्यायात मात्र, बाबेलच्या मूर्तींवर निर्धास्तपणे बसणाऱ्या प्राण्यांत मांजरही आहे. उंच जागी चढणे हा त्याचा जुना स्वभाव! मग दिवाणखान्यात सजवलेले झाड उभे राहिले, तर ते त्यावर चढणारच. तेथे कठडा कसा बांधावा?

१. झिरमिळ्या व दोरे : चकाकत्या झिरमिळ्या सर्वांत घातक. मांजराच्या जिभेवरील काटे घशाच्या दिशेने वळलेले असतात; त्यामुळे तोंडात गेलेला दोरा त्याला सहज थुंकता येत नाही. तो आतड्यात अडकला, तर आतडे चुणीसारखे गोळा होते व कापलेही जाते. मग शस्त्रक्रियेवाचून उपाय उरत नाही. मांजर असलेल्या घरी झिरमिळ्या लावूच नयेत. तोंडातून किंवा गुदद्वारातून दोरा लोंबताना दिसला, तर तो ओढू नये. तत्काळ पशुवैद्याकडे जावे.

२. विजेच्या माळा : वायर चावल्यास तोंड भाजते, फुप्फुसांत पाणी साचण्याचा धोका काही तासांनंतरही असतो. वायरी झाकून घ्याव्यात आणि निजताना प्लग काढून ठेवावा. पेटत्या मेणबत्त्या झाडाजवळ नकोत.

३. झाडाचा तोल : झाड प्लास्टिकचे असो वा कुंडीतले, बूड जड असावे आणि शेंडा भिंतीतील हुकाला बांधावा. प्रथम दोनतीन दिवस झाड सजावटीविना ठेवावे, म्हणजे मांजराचे नवल ओसरते. खालच्या फांद्या मोकळ्या ठेवाव्यात. काचेच्या गोळ्यांऐवजी न फुटणारे गोळे लावावेत. खरे झाड पाण्यात उभे केले असेल, तर ते पाणी झाकावे.

४. फुले व फराळ : लिलीचे फूल, पान, परागकण, फुलदाणीतील पाणीही मांजराची मूत्रपिंडे निकामी करू शकते. लिली घरात आणू नये. मांजराने ती चाटल्याची शंका आली, तरी लक्षणांची वाट पाहू नये. लाल पानांच्या पॉइन्सेटियाची मात्र अवाजवी भीती आहे. त्याच्या चिकाने तोंड चुरचुरते, उलटी होते, पण जीव सहसा जात नाही. चॉकलेट आणि कांदा-लसूण घातलेले मांस मांजरापासून दूर ठेवावे.

लूकने वर्णिलेल्या गव्हाणीसाठी ग्रीक शब्द ‘फात्ने’ आहे. म्हणजे जनावरांना चारा घालण्याची जागा. तारणाऱ्याचा पहिला बिछाना पशूंच्या मालकीचा होता. त्याच्या जन्माच्या आनंदात एखाद्या मुक्या जिवाचा बळी जाऊ नये, एवढी दक्षता आपण घ्यावी.

चिंतनासाठी :
(१) आपल्या घरात कोणत्या ‘धाब्याला’ अद्याप कठडा नाही?
(२) माया करणे आणि जाणणे यांत कोणता भेद आहे?
(३) सजावट करताना घरातील सर्वांत दुर्बळ जिवाचा विचार आपण प्रथम करतो काय?